श्रेयनामावलीतले एक नाव

हिरोशी ओनोगी हे नाव मराठी वाचकाच्या कानावर पडलेले असण्याची शक्यता कमी आहे. जपानी ॲनिमेशनचे तरुण चाहते आज दिल्ली, नोएडा, गुडगावमध्ये मोठ्या संख्येने भेटतात. त्यांनाही ते चटकन आठवेल असे नाही. मात्र ‘फुलमेटल अल्केमिस्ट : ब्रदरहुड’ ही मालिका त्यांना पाठ असते. ओखल्याच्या मैदानावर भरणाऱ्या कॉमिक कॉनमध्ये तिच्या नायकाचा लाल झगा घालून हिंडणारी मुले मी पाहिली आहेत. त्या ६४ भागांच्या मालिकेची रचना ओनोगींची. या मुलांच्या आईवडिलांच्या पिढीने लहानपणी ‘रामायण : द लेजंड ऑफ प्रिन्स राम’ हा हाताने चितारलेला चित्रपट दूरचित्रवाणीवर पाहिलेला असतो. त्याच्या पटकथालेखकांतही ओनोगी आहेत. एकाच घरातल्या दोन पिढ्या एकाच लेखकाचे काम पाहून वाढल्या, आणि दोघींनाही त्याचे नाव माहीत नाही.

मी काही वर्षे दिल्लीत उपशीर्षकांचे काम केले. जपानी संवाद इंग्रजीत येतो, इंग्रजीतून हिंदीत, आणि क्वचित मराठीत. या उताराच्या कोणत्या पायरीवर कोण उभे होते हे पडद्यावर लिहिलेले नसते. एका संस्थेने तर मी केलेल्या कामाखाली ‘आमचा भाषा विभाग’ एवढेच लिहिले होते. त्यामुळे असेल, श्रेयनामावली शेवटपर्यंत वाचायची मला सवय आहे. ओनोगींचे नाव मला तिथे भेटले. विज्ञानकथा लिहिणारा माणूस रामकथेत कसा आला, या प्रश्नाचा माग काढताना टोकियोइतकीच दिल्लीही वाटेत लागली. हा लेख त्या दोन्हींविषयी आहे.

ओनोगींचा जन्म १९५९ चा. ते केइओ विद्यापीठाच्या परिसरात तयार झालेल्या पिढीतले. शोजी कावामोरी आणि हारुहिको मिकिमोतो हे त्याच परिसरातले त्यांचे समवयस्क. ही मुले आधी प्रेक्षक होती. १९७९ मध्ये ‘मोबाइल सूट गन्डम’ मालिका आली आणि यंत्रमानवांच्या युद्धकथेत राजकारण, थकवा, अपराधभाव हे सगळे येऊ शकते हे या पिढीला दिसले. मालिकेवर चर्चा करणारे, तिच्यातल्या यंत्रांच्या रचनेवर वाद घालणारे हे तरुण दोन-तीन वर्षांतच त्या धंद्यात शिरले. ऑक्टोबर १९८२ मध्ये ‘सुपर डायमेन्शन फोर्ट्रेस माक्रॉस’ सुरू झाली, तेव्हा यंत्रांची रचना कावामोरींकडे होती, पात्रांची मिकिमोतोंकडे, आणि काही भागांचे लेखन ओनोगींकडे. मुख्य लेखक केनइची मात्सुझाकी होते. ओनोगी तेव्हा तेवीस वर्षांचे होते.

‘माक्रॉस’चे कथानक थोडक्यात सांगायला हवे, कारण पुढे त्याचा उपयोग होणार आहे. परग्रहावरून महाकाय योद्ध्यांची एक जात येते. युद्धाखेरीज त्यांना दुसरे काही शिकवलेलेच नसते. कुटुंब नाही, स्त्री-पुरुषांचा सहवास नाही, गाणे नाही. पृथ्वीवरची माणसे त्यांच्यापुढे शस्त्रबळाने टिकणे शक्य नसते. त्या सैन्याची फळी फुटते ती एका तरुण गायिकेच्या गाण्याने. काही शत्रूसैनिक लढायचे थांबतात. त्यांना त्या गाण्यामागचे जग हवेसे वाटते. पण गोष्ट विजयावर संपत नाही. ३६ भागांतले शेवटचे काही भाग उद्ध्वस्त पृथ्वीवर, युद्धानंतर काय करायचे हे ठाऊक नसलेल्या दोन्ही बाजूंच्या लोकांवर खर्च होतात. मुलांच्या खेळण्यांची जाहिरात व्हावी म्हणून ज्या मालिका निघत, त्यांच्यात हे बसवणे सोपे नव्हते.

इथे पटकथालेखकाचा धंदा कसा चालतो ते पाहू. जपानी दूरचित्रवाणी मालिकेत एक लेखक ‘मालिका-रचना’ करतो. कोणत्या भागात कथा कुठवर न्यायची, कोणते पात्र कधी आणायचे, कोणते रहस्य किती काळ झाकून ठेवायचे, हे तो ठरवतो. एकेका भागाची पटकथा वेगवेगळे लेखक लिहितात. पूर्वी त्यासाठी दोनशे अक्षरांचे चौकटी कागद वापरत आणि पटकथेची लांबी कागदांच्या संख्येने मोजत. मसुदा झाला की वाचनाची बैठक होते. दिग्दर्शक, निर्माता, वाहिनीचा माणूस, इतर लेखक समोर बसतात आणि लेखकाला त्यांच्यासमोर आपले वाक्य वाचवावे लागते किंवा सोडावे लागते. त्यानंतर दिग्दर्शकाच्या बाजूची माणसे स्टोरीबोर्ड काढतात. प्रत्यक्ष चित्रे त्यावरून बनतात, पटकथेवरून नाही. म्हणजे लेखकाचा कागद हा कच्चा माल. त्यातले काय राहिले, काय गळले, हे प्रेक्षकाला कधी कळत नाही. या धंद्यात टिकणाऱ्या माणसाला दोन गोष्टी याव्या लागतात : दुसऱ्याची कथा मोडू न देता आटोपशीर करणे, आणि आपले नाव पुसट होणे सहन करणे. पुसट होणे देशांच्या सीमांवरही घडते. १९८५ मध्ये अमेरिकेत ‘माक्रॉस’ आणखी दोन वेगळ्या जपानी मालिकांशी जोडून ‘रोबोटेक’ नावाने दाखवली गेली. संवाद नव्याने लिहिले गेले. तिथल्या मुलांना ती एकच सलग अमेरिकन कथा वाटली.

‘माक्रॉस’ जपानमध्ये संपत आली होती त्याच सुमारास, एप्रिल १९८३ मध्ये, दिल्लीत एक वेगळे प्रकरण उभे राहिले. युगो साको हे जपानी माहितीपटकार भारतात वारंवार येत. पुरातत्त्वज्ञ बी. बी. लाल तेव्हा अलाहाबादजवळच्या शृंगवेरपूर येथे उत्खनन करत होते. शृंगवेरपूर म्हणजे रामायणातल्या निषादराज गुहाचे गाव. भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाचे माजी महासंचालक असलेल्या लाल यांनी रामायणाशी नाते सांगणाऱ्या स्थळांच्या उत्खननाचा प्रकल्प हाती घेतला होता. साको यांनी त्यावर ‘द रामायण रेलिक्स’ हा माहितीपट केला. या कामात ते रामकथेत गुंतले. जपानी भाषेत उपलब्ध असलेली रामायणे त्यांनी वाचून काढली आणि या कथेवर ॲनिमेशनपट करायचे मनात घेतले.

‘इंडियन एक्स्प्रेस’मध्ये त्यांच्या कामाविषयी बातमी आली. तिच्यातून गैरसमज झाला, आणि विश्व हिंदू परिषदेचे निषेधाचे पत्र दिल्लीतल्या जपानी दूतावासामार्फत साको यांच्यापर्यंत पोहोचले. रामायण हा भारताचा थोर राष्ट्रीय वारसा आहे, कोणा परदेशी माणसाने त्यावर मनमानी चित्रपट काढू नये, असा त्याचा आशय होता. साको यांनी परिषदेशी आणि सरकारशी बोलणी केली. त्यांचा युक्तिवाद लक्षात घेण्याजोगा आहे. राम हा देव आहे. हाडामांसाचा नट उभा केला की त्या नटाचे व्यक्तिमत्त्व, त्याच्या इतर भूमिका हे सगळे मध्ये येते. रेखाटलेला राम या ओझ्यातून मोकळा असतो. परिषदेचा विरोध पुढे मावळला. मग साको यांनी भारत आणि जपान यांची संयुक्त निर्मिती व्हावी म्हणून प्रयत्न केला. सरकारने सहभाग नाकारला. विषय नाजूक आहे आणि तो ‘कार्टून’मध्ये दाखवण्याजोगा नाही, अशी भूमिका होती.

मला या नकारात दोन वेगवेगळे प्रश्न दिसतात. परिषदेने विचारले होते, तुम्ही कोण सांगणार? सरकारने विचारले, या माध्यमात कशी सांगणार? पहिला प्रश्न अधिकाराचा, दुसरा इभ्रतीचा. अधिकाराचा प्रश्न साको यांनी भेटून, बोलून सोडवला. इभ्रतीचा प्रश्न बोलण्याने सुटणारा नव्हता. आपल्याकडे ॲनिमेशन म्हणजे कुटुंबनियोजनाचे किंवा बचतीचे संदेश देणारी छोटी फिल्म, असाच समज होता. धुंडिराज गोविंद फाळके यांनी १९१५ मध्येच काड्यापेटीतल्या काड्या हलवून ‘आगकाड्यांची मौज’ केली होती. त्याच फाळक्यांच्या १९१७ मधल्या ‘लंकादहन’मध्ये अण्णा साळुंके या एकाच नटाने राम आणि सीता दोघांच्याही भूमिका केल्या, आणि लोकांनी त्या भक्तिभावाने पाहिल्या. पण मधल्या सत्तर वर्षांत रेखाटलेल्या चित्राची पत घसरली होती. आणि साको यांची खटपट चालू असतानाच, २५ जानेवारी १९८७ पासून दूरदर्शनवर रामानंद सागर यांचे ‘रामायण’ सुरू झाले. जिवंत नटाचा राम देशभर घराघरांत स्थिरावला. अयोध्येचे आंदोलन त्याच वर्षांत पेटत गेले. सरकारला हात राखून राहणे सोयीचे होते.

चित्रपट शेवटी टोकियोत बनला. निर्मिती १९९० मध्ये सुरू झाली. सुमारे ४५० कलाकारांनी त्यावर काम केले. भारताकडून राम मोहन सहदिग्दर्शक होते. मुंबईतल्या फिल्म्स डिव्हिजनच्या कार्टून विभागात, डिस्नेहून आलेल्या क्लेअर वीक्स यांच्या हाताखाली, ते १९५० च्या दशकात हे काम शिकले होते. जपानी चित्रकारांना धोतर कसे नेसतात, त्याच्या निऱ्या चालताना कशा हलतात, वडीलधाऱ्यांच्या पाया कसे पडतात, नमस्कार कसा करतात, हे सगळे दाखवावे लागले. ही माहिती जपानी स्टुडिओत कुठल्या पुस्तकातून येणार नव्हती. ती अंगातून अंगाकडेच जायला हवी होती. दिल्लीने दिली नाही ती संयुक्त निर्मिती, एका अर्थाने, स्टुडिओतल्या टेबलांवर घडली.

पटकथेचेही तसेच. तिच्या लेखकांत हिंदी कवी पंडित नरेंद्र शर्मा आहेत. विविध भारतीच्या उभारणीत त्यांचा मोठा वाटा होता; हा चित्रपट आकाराला येण्याआधीच, १९८९ मध्ये, ते गेले. राणी बुर्रा आहेत, राम मोहन आणि साको आहेत, दिग्दर्शक कोइची सासाकी आहेत, आणि ओनोगी आहेत. संवादांची मूळ भाषा इंग्रजी, गाणी संस्कृतात. संगीत वनराज भाटिया यांचे. आणि ती संस्कृत गीते लिहिली वसंत देव यांनी. मराठी वाचकाला हे नाव वेगळ्या कारणाने परिचित असते. विजय तेंडुलकरांचे ‘घाशीराम कोतवाल’ हिंदीत नेले ते त्यांनी. ‘सारांश’मधल्या गीतासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. दोन भाषांच्या मध्ये उभे राहून आयुष्यभर काम केलेला हा माणूस इथे तिसऱ्या भाषेत लिहीत होता, आणि ऐकणारे टोकियोतले चित्रकार होते.

सामूहिक पटकथेत ओळीओळीवर नाव लिहिलेले नसते. अमुक प्रसंग ओनोगींचा, तमुक शर्मांचा, अशी वाटणी करण्यात अर्थही नाही. पण एखादा व्यवसाय शिकून आलेला माणूस गटात असला की त्या व्यवसायाचे प्रश्नही गटात येतात. रामायणासारखी विस्तीर्ण कथा १३५ मिनिटांत बसवायची तर पहिला प्रश्न रचनेचा. चित्रपट दशरथाच्या दरबारात विश्वामित्र येतात तिथून वेग घेतो. ताटका, स्वयंवर, वनवास, सुवर्णमृग, लंकादहन, सेतू, कुंभकर्ण, इंद्रजित, रावण, असे टप्पे ठळक आहेत. उपकथा फार नाहीत. हे मालिका-रचना जाणणाऱ्याचे काम आहे : प्रत्येक टप्प्यावर एक पेच, आणि तो पेच सुटला की पुढच्या टप्प्याचे दार उघडलेले.

दुसरा प्रश्न युद्धाचा. उत्तरार्धाचा मोठा भाग लंकेतल्या युद्धाने व्यापला आहे. महाकाय कुंभकर्ण रणात उतरतो तेव्हा पडद्यावर जे मोजमाप उभे राहते, वानर केवढे आणि तो केवढा, ते जपानी विज्ञानकथापटांच्या प्रेक्षकाला ओळखीचे वाटेल. यंत्रमानवांच्या कथांनी तिथल्या चित्रकारांना आणि लेखकांना प्रचंड आकार हलवायला शिकवले होते. इंद्रजिताचे आकाशातून, अदृश्य राहून लढणे, विमाने, अस्त्राला अस्त्राने दिलेले उत्तर, हे सगळे वाल्मीकीत आहेच. त्याला शोभेल अशी दृश्यभाषा मात्र १९८० च्या दशकातल्या जपानकडे तयार होती. ‘पुराणात विमाने होती’ असे आपल्याकडे अभिमानाने म्हणतात, तेव्हा ते विज्ञान म्हणून म्हणतात. इथे ती कल्पित म्हणूनच घेतली, आणि म्हणून ती खरोखर उडाली.

तिसरा प्रश्न शत्रूचा. सागर यांच्या मालिकेतला रावण मोठ्याने हसतो. या चित्रपटातली लंका क्रूर आहे, पण तिथे कुटुंब आहे, शोक आहे, धाकट्या भावाचा सल्ला न मानल्याची किंमत आहे. याला केवळ जपानी देणगी म्हणता येणार नाही. वाल्मीकीच्या युद्धकांडात रावण पडल्यावर राम विभीषणाला सांगतो की वैर मृत्यूपाशी संपते, आता याचे संस्कार कर. ही जागा मूळ कथेतच आहे. पण कोणत्या काळात कोण ती जागा मोठी करून दाखवतो, याला महत्त्व असते. शत्रू संपल्यावर गोष्ट संपत नाही, हे ‘माक्रॉस’च्या लेखकांना कोणी शिकवायला नको होते. ते युद्ध हरलेल्या आणि बेचिराख झालेल्या देशाची दुसरी पिढी होते.

चौथा प्रश्न शेवटाचा, आणि इथे मला चित्रपटाशी वाद घालायचा आहे. उत्तरकांड त्यात नाही. राम आणि सीता अयोध्येला परततात आणि कथा आनंदात मिटते. याचे समर्थन करता येते. उत्तरकांड नंतरची भर आहे असे मानणारे अभ्यासक पुष्कळ आहेत, आणि मुलांना समोर ठेवून केलेल्या चित्रपटाला कुठेतरी थांबावे लागते. तरी थांबण्याची जागा निरपराध नसते. सागर यांची मालिकाही जुलै १९८८ मध्ये राज्याभिषेकापाशी थांबणार होती. तेव्हा उत्तर भारतात सफाई कामगारांनी संप केला. वाल्मीकींना आपले मानणाऱ्या त्या लोकांची मागणी होती की पुढची कथाही दाखवा, कारण तिच्यात वाल्मीकी आहेत, त्यांच्या आश्रमात राहिलेली सीता आहे. मग पुढचे भाग निघाले. पटकथा कुठे संपवायची हा प्रश्न घेऊन कामगार रस्त्यावर आल्याचे दुसरे उदाहरण मला माहीत नाही.

मराठीत या शेवटाची वेगळी परंपरा आहे. ग. दि. माडगूळकर स्वतः कसलेले पटकथालेखक होते. ‘दो आँखें बारह हाथ’ची कथा-पटकथा त्यांची. १९५५ च्या रामनवमीपासून पुणे आकाशवाणीवर दर आठवड्याला एक याप्रमाणे त्यांच्या गीतरामायणाची ५६ गीते प्रसारित झाली. त्यांनी कथा कुश-लवांच्या तोंडी ठेवली, म्हणजे उत्तरकांडाच्या मुक्कामावरून मागे वळून सांगितली. त्यामुळे सीतात्याग टाळताच येत नाही. तो कथेच्या पायातच आहे. आणि माडगूळकरांच्याही मागे जात्यावरच्या बायका आहेत. त्यांच्या ओव्यांत सीता ही सासुरवाशीण आहे, रामाला जाब विचारणारी आहे. तारा भवाळकर यांनी ‘सीतायन’मध्ये या वेदनेचा आणि विद्रोहाचा माग घेतला आहे. ज्या भाषेत हे सगळे आहे, त्या भाषेतल्या प्रेक्षकाला चित्रपटाचा गोड शेवट अपुरा वाटणारच.

जानेवारी १९९३ मध्ये हा चित्रपट नवी दिल्लीत भारताच्या २४ व्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात दाखवला गेला. तारखा शेजारी ठेवून पाहाव्या लागतात. ६ डिसेंबर १९९२ ला बाबरी मशीद पाडली गेली होती. महोत्सव १० जानेवारीला सुरू झाला आणि २० तारखेपर्यंत चालला. त्याच दिवसांत मुंबईत दंगलींचा दुसरा, अधिक भीषण टप्पा चालू होता. ज्या मुंबईतून राम मोहन, वनराज भाटिया, वसंत देव या चित्रपटात आले होते, ती जळत होती. दहा वर्षांपूर्वी ज्या दिल्लीने विचारले होते की परक्याने ही कथा का सांगावी, त्या दिल्लीत आता आपल्याच माणसांनी रामाच्या नावाने काय केले ते वर्तमानपत्रांत रोज छापून येत होते. आणि पडद्यावर एका परक्याने सांगितलेला राम होता, जो युद्ध करतो पण त्यात रमत नाही.

या योगायोगातून फार मोठा निष्कर्ष काढायला मी धजत नाही. चित्रपटाने दंगल थांबवली नाही. तो चित्रपटगृहांतही तेव्हा नीट पोहोचला नाही. पण एक गोष्ट नोंदवण्याजोगी आहे. कथेवर ज्याचा जन्मसिद्ध हक्क मानला जातो, त्याला ती समजून घ्यायची घाई नसते. ती आपलीच असते. ज्याचा तसा हक्क नाही, त्याला विचारावे लागते : हा माणूस असे का वागला, धोतर असे का नेसतात, शत्रूचे शेवटी काय करतात? साको यांनी दहा वर्षे हे प्रश्न विचारले. ओनोगींसारख्या लेखकांच्या धंद्यातच ते असतात, कारण त्यांना कायम दुसऱ्याची कथा सांगायची असते.

चित्रपटाचे पुढचे आयुष्यही अनुवादांचे आहे. हिंदी आवृत्तीत रामाला अरुण गोविल यांचा आवाज मिळाला. ज्या नटाचे ओझे टाळण्यासाठी साको यांनी रेखाटलेला राम हवा म्हटले होते, तोच नट आवाजातून परत आला. रावण अमरीश पुरी, निवेदन शत्रुघ्न सिन्हा. हिंदी गाणी पी. के. मिश्रा यांनी लिहिली, आणि वसंत देवांचे संस्कृत शब्द बहुतेक भारतीय मुलांपर्यंत गेलेच नाहीत. अमेरिकेत चित्रपट छाटून, नव्या आवाजांत, ‘द प्रिन्स ऑफ लाइट’ म्हणून गेला. तिथे राम ब्रायन क्रॅन्स्टन यांच्या आवाजात बोलतो. ‘माक्रॉस’चे जे झाले होते तेच.

ओनोगी आपल्या वाटेने परत गेले. २००२ मध्ये ‘राझेफोन’चे काही भाग, त्याच वर्षी सुरू झालेल्या ‘माक्रॉस झीरो’ची पटकथा. ‘माक्रॉस झीरो’ दक्षिण पॅसिफिकमधल्या एका बेटावर घडते. बेटावरच्या लोकांकडे पक्षीमानवाची पुरातन कथा आहे, आणि लढाऊ विमाने घेऊन आलेल्या दोन सैन्यांना त्या कथेमागची वस्तू हवी आहे. ज्यांची कथा आहे ते तिला जपतात, जे बाहेरून आलेत ते तिच्यात शस्त्र शोधतात. रामायणाचा प्रभाव वगैरे मी म्हणणार नाही. पण पुराणकथा आणि यंत्र यांच्या सांध्यावर काम करणारा लेखक पुन्हा त्याच सांध्यावर आला, हे दिसते. २००५ मध्ये ‘नोएइन’, २००८ मध्ये ‘बर्डी द मायटी : डिकोड’ची मालिका-रचना, आणि एप्रिल २००९ पासून ‘ब्रदरहुड’.

या शेवटच्या कामात त्यांची सगळी कारकीर्द एकत्र आलेली दिसते. हिरोमु अराकावा यांच्या २७ खंडांच्या चित्रकथेवर २००३ मध्ये एक मालिका होऊन गेली होती. तेव्हा मूळ कथा अपुरी असल्याने ती मालिका स्वतःच्या वाटेने गेली. दुसऱ्या मालिकेने मूळ कथेशी इमान राखायचे ठरवले, आणि अराकावांची चित्रकथा २०१० मध्ये संपली तेव्हाच मालिकाही संपत होती. चालत्या कथेच्या पावलाशी पाऊल मिळवत ६४ भागांची रचना करणे, तिच्यात वंशसंहार केलेले सैनिक आणि त्यातून वाचलेले लोक समोरासमोर आणणे, आणि क्षमा स्वस्त न होऊ देणे, हे काम दुसऱ्याची कथा आदराने वाहून नेणाऱ्यालाच जमते. दिल्लीतली मुले ही मालिका मोबाइलवर इंग्रजी उपशीर्षकांसह पाहतात आणि तिच्यातल्या प्रसंगांवर तासन्‌तास भांडतात. लाजपत नगरच्या जपान फाउंडेशनमध्ये भाषा शिकायला येणाऱ्या अनेकांनी सुरुवात अशीच केलेली असते.

२४ जानेवारी २०२५ ला ‘रामायण’ नव्याने स्वच्छ केलेल्या छायेत भारतातल्या चित्रपटगृहांत आला. इंग्रजीखेरीज हिंदी, तमिळ आणि तेलुगू आवृत्त्या निघाल्या, मराठी नव्हती. मी तो नोएडाच्या एका मॉलमध्ये पाहिला. सभागृहात शाळकरी मुले होती, त्यांचे पालक होते, आणि मागच्या रांगेत केवळ जपानी ॲनिमेशनसाठी आलेली महाविद्यालयीन मुले होती. चित्रपट संपल्यावर पालक घोषणा देत उठले. मागच्या रांगेतली मुले बसून राहिली. जपानी चित्रपटांच्या शेवटी नावे वाचायची त्यांना सवय असते.

महिनाभरातच, २१ फेब्रुवारीपासून, तालकटोरा स्टेडियममध्ये ९८ वे अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरले. १९५४ नंतर प्रथमच ते दिल्लीत आले होते, आणि अध्यक्ष तारा भवाळकर होत्या. ज्या विदुषीने बायकांच्या ओव्यांतली सीता अभ्यासली, ती आणि ज्या चित्रपटात त्या सीतेला जागा मिळाली नाही तो चित्रपट, असे दोघेही एका महिन्याच्या अंतराने एकाच शहरात आले, आणि दोघांचा एकमेकांशी काही संबंध आहे असे कुणाला वाटले नाही. मला वाटते तो आहे. ओव्या रचणाऱ्या बायकांची नावे कुठेही लिहिलेली नाहीत. त्यांनीही दुसऱ्याची कथा घेतली, तिच्यात आपला प्रश्न घातला आणि ती पुढे दिली. त्यांना परवानगी कुणी दिली नव्हती. जात्यावर बसलेल्या बाईला विचारायलाही कुणी गेले नव्हते.

रामकथेच्या श्रेयनामावलीत नावे वाढतच जातात. एकनाथांचे भावार्थरामायण, मोरोपंतांची अष्टोत्तरशत रामायणे, माडगूळकर, फाळके, आणि मग साको, राम मोहन, वसंत देव. त्या यादीत एका जपानी विज्ञानकथालेखकाचेही नाव आहे. ते मराठीत लिहून ठेवावे, एवढ्यासाठी हा लेख : हिरोशी ओनोगी, पटकथा.